एरंडावरची उंटअळी: औषध मारण्याआधी शेपटीकडे बघा

पावसाळ्यात बांधावरच्या एरंडाची पानं चाळणीसारखी दिसू लागतात आणि बघता बघता नुसते देठ आणि शिरा उरतात. हे काम बहुतेक वेळा उंटअळीचं. आज आम्ही तिचीच माहिती सांगणार आहोत.

नाव उंटअळी का? तिच्या पोटाखालचे पुढचे पाय खुरटे असतात. छातीच्या पायांनी ती पान धरते आणि मागचं अंग ओढून पुढे आणते. तेव्हा मधला भाग उंटाच्या मदारीसारखा वर उचलला जातो.

मादी पतंग रात्री पानांवर सुटी सुटी अंडी घालते. २ ते ५ दिवसांत अळ्या बाहेर येतात. लहान अळी पान खरवडते, मोठी झाली की कडेपासून कुरतडते. साधारण दोन आठवड्यांत ती बोटाएवढी, सुमारे ६ सेंटिमीटर होते. मग पालापाचोळ्यात किंवा मातीत कोष करते. त्यातून तपकिरी पतंग निघतो. त्याच्या मागच्या काळ्या पंखांवर पांढरा पट्टा असतो.

हा पतंग पानं खात नाही, पण त्याची सोंड टणक असते. पिकलेल्या मोसंबी, डाळिंबाला भोक पाडून तो रस पितो. मग तिथून फळ सडतं. दारातल्या झाडाची फळं पिशवीत बांधली तर वाचतात.

आता महत्त्वाचं. गांधीलमाशीच्या कुळातली एक बारीक माशी लहान उंटअळीच्या अंगात अंडं घालते. माशीची अळी आतूनच वाढते, बाहेर येते आणि उंटअळीच्या शेपटीकडे, पोटाखाली कोष करते. अशी उंटअळी हलते, पण खाणं सोडते आणि मरते. कोषातून मात्र नवी माशी निघते.

म्हणून औषध आणण्याआधी दहा-बारा झाडं नीट बघा. झाडामागे असे एक-दोन कोष दिसले तर फवारणी थांबवा. औषधानं आपली राखणदार माशीही मरते आणि पैसे जातात ते वेगळेच. मोठ्या अळ्या हातानं वेचा, साबणाच्या पाण्यात टाका. कोष चिकटलेली अळी मात्र झाडावरच राहू द्या.

गटाच्या पुढच्या बैठकीला अशी एक फांदी घेऊन या, मैत्रिणींनो. एकदा डोळ्यांनी बघितलं की ओळख पक्की होते.