भिंतीची जागा कॅमेऱ्याने घेतली

‘घाशीराम कोतवाल’ म्हटलं की आमच्या परतवाड्यातही नाटकच आठवतं. त्याच नावाचा मराठी चित्रपट १९७६ साली झाला, असं सांगितलं की समोरचा विचारतो, ‘कोणाचा हो?’ उत्तर अवघड, कारण तो एकाचा नाहीच. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी ‘युक्त’ ही सहकारी संस्था काढली आणि बँकेच्या कर्जावर तो केला. दिग्दर्शनात मणी कौल, के. हरिहरन, सईद मिर्झा, कमल स्वरूप. पटकथा तेंडुलकरांचीच, नाना मोहन आगाशे, घाशीराम ओम पुरी.

नाटकाचा जीव ब्राह्मणांच्या भिंतीत आहे. माणसांचीच ती भिंत झाकते, फुटते, पुन्हा जुळते. पडद्यावर ती तशीच उभी केली असती, तर नाटकाचं नुसतं चित्रीकरण झालं असतं. या मंडळींनी दृश्य न तोडता कॅमेराच चालता ठेवला. माणसं चौकटीत येतात, जातात. कोण कोणाला झाकतंय, हे आपण शोधायचं. ही रीत हंगेरीच्या मिक्लोश यान्चोची. कॅमेऱ्यातलं एक रीळ जेमतेम ११ मिनिटं चालतं, आणि लांब दृश्यात शेवटी कोणी चुकलं तर सगळं रीळ वाया. कर्जाच्या पैशात हे धाडसच! पहिल्यांदा मला तो कंटाळवाणा वाटला, हे कबूल करतो. दुसऱ्यांदा नानाला सोडून मागच्या गर्दीकडे पाहत बसलो, तेव्हा आणीबाणीचं ते वर्ष दिसू लागलं.

चित्रपटाची प्रत टिकली ती बर्लिनच्या ‘आर्सेनल’ या संस्थेत. डिजिटल रूपही तिथेच झालं. परतवाड्यात घरच्या संगणकावर मी पाहिला तो पुण्याचा कोतवाल असा बर्लिनहून आलेला.