पेढे वाटले, फरक राहिला

पदोन्नतीची ऑर्डर हातात पडली, त्या दिवशी येताना मी चिंचवड स्टेशनजवळून किलोभर पेढे घेतले. ऑफिसात वाटले, सोसायटीत वाटले. सासूबाईंनी देवापुढे साखर ठेवली. ऑर्डर मात्र मी नीट वाचलीच नव्हती. नाव वाचलं, नवं पद वाचलं आणि घडी घालून पर्समध्ये ठेवली.

खरं तर ही पदोन्नती मला चार वर्षं आधीच मिळायला हवी होती. सेवाज्येष्ठता यादीत माझं नाव चुकून खाली गेलं आणि माझ्यानंतर लागलेले दोघं माझ्या वर जाऊन बसले. ज्यांना मी टिपणी लिहायला शिकवलं, त्यांच्याच सहीसाठी फाइल घेऊन उभी राहायचे! ते दुःख पगारापेक्षा मोठं, पण असो. चूक ऑफिसची होती, हे ऑफिसनंच लेखी मान्य केलं आणि मला मागची तारीख दिली. सरकारी भाषेत ‘मानीव दिनांक’.

पगाराच्या दिवशी शेजारच्या टेबलावरच्या मुलीनं विचारलं, ‘‘मॅडम, चार वर्षांचा फरक कधी निघणार?’’ तेव्हा कुठे मी ऑर्डर पुन्हा उघडली. शेवटी एकच ओळ होती : वेतननिश्चिती काल्पनिक राहील, थकबाकी अनुज्ञेय नाही.

काल्पनिक! म्हणजे चार वर्षांच्या वाढी कागदावर धरायच्या, हातात दमडी नाही. कारण काय, तर ‘काम नाही, तर वेतन नाही’. वरच्या पदाचं काम तुम्ही केलंच नाही, मग पगार कसला? ऐकायला पटतं. पण मी काम नको म्हटलं होतं का?

सर्वोच्च न्यायालयानं १९९१ मध्ये जानकीरामन खटल्यात हाच मुद्दा धरला. तो खटला खात्याच्या चौकशीमुळे पदोन्नती अडलेल्या कर्मचाऱ्यांचा. कर्मचारी काम करायला तयार असताना, त्याचा दोष नसताना, खात्यानंच त्याला दूर ठेवलं, तर हा नियम लावता येत नाही, असं न्यायालय म्हणालं. २०१५ मध्ये रमेश कुमार या सैन्यातल्या नायब सुभेदाराच्या प्रकरणातही तसंच ठरलं आणि त्याला मागचा फरक मिळाला. अर्थात प्रत्येकालाच मिळतो असं नाही हं! १९८९ च्या एका निकालात फरक नाकारला गेला होता आणि सरसकट एकच नियम नाही, प्रत्येक प्रकरण बघून ठरवायचं, असं २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंच सांगितलं.

मग मी का नाही मिळवला? घरी म्हणाले, ‘‘त्याच ऑफिसात राहायचंय ना? कशाला वैर?’’ मला ते पटलं. कोर्टात नको, म्हणून मी अर्ज करत राहिले. सहा वर्षं! दर वेळी उत्तर यायचं, ‘आपला अर्ज विचाराधीन आहे’. प्रत्येक उत्तर मी फाइलला लावलं. शेवटी वकिलांकडे गेले, तर ते फाइल चाळून म्हणाले, ‘‘ताई, अर्जावर अर्ज करून मुदत वाढत नाही. २००८ चा निकालच आहे तसा.’’

राज्य सरकारच्या नोकरदारांसाठी ‘मॅट’ म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. आपल्या भागातल्यांना त्यासाठी मुंबई गाठावी लागते. ऑर्डरनंतर वर्षाच्या आत तिथं जायचं असतं. आधी ऑफिसकडे अर्ज केला आणि सहा महिने उत्तरच आलं नाही, तर तिथून पुढे एक वर्ष. महापालिकेतल्या बायकांची वाट वेगळी, त्यांना मॅट नाही. पेन्शनच चुकीचं बसलं असेल, तर नुकसान दर महिन्याला होतं, म्हणून उशिरा गेलं तरी ऐकून घेतात. पण तेव्हाही मागचा फरक साधारण तीन वर्षांचाच.

माझे चार वर्षांचे पैसे गेले ते गेलेच. एक मात्र झालं. काल्पनिक का होईना, वेतननिश्चिती सेवापुस्तकात नोंदवून घेतली होती, त्यामुळे शेवटचा पगार वरचा धरला गेला आणि पेन्शन बरोबर बसलं. ती नोंदसुद्धा दोनदा विचारल्यावर झाली.

हे सगळं एकदा खालच्या कट्ट्यावर सांगत होते. चाकणच्या कंपनीत कंत्राटावर जाणारी एक जण हसून म्हणाली, ‘‘काकू, आम्हाला पदच नाही, उन्नती कसली!’’ मी गप्पच झाले.

गेल्या महिन्यात आमच्या शेजारणीची सून पेढे घेऊन आली. सरकारी दवाखान्यात आहे, तीन वर्षं रखडलेली पदोन्नती मिळाली. मी पेढा हातात घेतला आणि म्हटलं, ‘‘ऑर्डर आण बघू आधी.’’ ती धावत जाऊन घेऊन आली. शेवटची ओळ तीच होती, शब्दन् शब्द. तिथंच डायनिंग टेबलवर बसून आम्ही अर्ज लिहिला : पदोन्नती स्वीकारत आहे, थकबाकीचा हक्क सोडलेला नाही. दोन प्रती केल्या. एकीवर आवक क्रमांक आणि शिक्का घेऊन ये, असं तिला तीनदा बजावलं. ‘‘हो काकू, कळलं,’’ म्हणून ती निघाली. पेढ्यांचा पुडा टेबलावरच राहिला होता.