चाल कुणाची?

माघी गणपतीची रात्र होती. हेदवीच्या दशभुजासमोर सभामंडपात सतरंज्या पसरलेल्या. निवेदकाने सांगितलं, "आता मास्टर दीनानाथांचं 'शतजन्म शोधिताना'." माना डोलल्या. पेटीवाले काका भाता सैल करता करता माझ्याकडे वळून पुटपुटले, "चाल वझेबुवांची हो." ते दुसऱ्या कुणाला ऐकू गेलं नसावं.

रामकृष्णबुवा वझे यांचा जन्म १८७१ चा, सावंतवाडी संस्थानातला. हे संस्थान स्वातंत्र्यानंतर आमच्या रत्नागिरी जिल्ह्यात आलं आणि १९८१ साली सिंधुदुर्ग वेगळा होईपर्यंत इथेच राहिलं. म्हणजे बुवा आणि आम्ही तसे एका जिल्ह्यातले. वडील तान्हेपणीच गेले, आईने हालात वाढवलं. मालवणला थोडं गाणं शिकून हा पोरगा बाहेर पडला तो पुणे, मुंबई, इंदूर, उज्जैन, काशी करत थेट ग्वाल्हेरला. तिथे निसार हुसेन खाँसाहेबांची तालीम मिळाली, तीही गुरूच्या घरी राबून. त्या काळी चीज, म्हणजे बंदिश, सहजासहजी हातात पडत नसे. बुवांनी पुढे 'संगीत कला प्रकाश' या १९३८ च्या पुस्तकात चिजा स्वरलिपीसह छापल्या आणि आपली कहाणीही लिहिली. ज्याला एकेका चिजेसाठी वणवण करावी लागली, त्यानेच त्या चार-आठ आण्यांच्या वहीसारख्या सगळ्यांपुढे उघड्या ठेवल्या, याचं मला फार अप्रूप वाटतं.

मैफलीत त्यांची ख्याती अनवट रागांची. खट, बरारी, खंबावती, ललितागौरी... इतरांनी लांबून नमस्कार करावा असे राग ते घरच्यासारखे गात. आवाज गोड नव्हता. लय आणि तान मात्र जबरदस्त. भरतीला आमच्या हेदवीच्या किनाऱ्यावरच्या बामणघळीत लाट शिरते, आत कोंडते आणि एकदम उसळून वर येते, तशी ती तान वाटते. तबकड्या मोजक्याच, आणि एकेकीत तीन-साडेतीन मिनिटांचं गाणं. त्यावरून माणसाचा अंदाज बांधायचा म्हणजे करवंटीत समुद्र बघणं.

पण या लेखाचा विषय त्यांच्या चाली. संगीत नाटकात चाल 'बांधत' म्हणजे काय करत? बहुतेक वेळा एखादी बंदिश निवडायची, तिचा साचा नाटककाराला द्यायचा, आणि त्याने तितक्याच मात्रांत, त्याच वजनावर मराठी शब्द बसवायचे. चिजेची सम जिथे, तिथे पदातला महत्त्वाचा शब्द आला पाहिजे. तासभर फुलणारा ख्याल नाटकात चार-पाच मिनिटांत आटोपतो, त्यामुळे रागाचं मर्म पहिल्याच ओळीत दिसावं लागतं. वरून 'वन्समोअर' आला तर गायकाला पुन्हा नवं काही करायला जागाही ठेवायची. गोविंदराव टेंब्यांनी १९११ साली 'मानापमाना'त ठुमरीचा लडिवाळपणा आणला, भास्करबुवा बखल्यांनी १९१६ च्या 'स्वयंवरा'त ख्याल घरंदाजपणे बसवला. त्यांच्यानंतर नाव घेताना बुवांचा नंबर चौथा-पाचवा लागतो. हे सगळंच अन्यायाचं आहे असं मी म्हणणार नाही. टेंब्यांची चाल कुणीही गुणगुणावी. बुवांची चाल गळा मागते.

तो गळा त्यांना दीनानाथ मंगेशकरांच्या रूपाने मिळाला. दीनानाथ बुवांकडे शिकलेले. दीनानाथांच्या बळवंत संगीत मंडळीसाठी बुवांनी वीर वामनराव जोश्यांच्या 'रणदुंदुभि'ला चाली दिल्या आणि 'परवशता पाश दैवे' गाजलं. मग १९३१ चं 'संन्यस्त खड्ग'; त्या रात्रीचं 'शतजन्म शोधिताना' यातलंच. हे नाटक लिहिणारे सावरकर तेव्हा रत्नागिरीत स्थानबद्ध होते. १९२४ ते १९३७ जिल्ह्याबाहेर जायची आणि राजकारणात पडायची बंदी. नाटकावर बंदी नव्हती! शाक्यांचा सेनापती भिक्षू होतो आणि शत्रू चालून आल्यावर पुन्हा शस्त्र हाती घेतो, अशी ती गोष्ट. सरकारला त्यातलं काय कळलं देव जाणे, प्रेक्षकांना नेमकं कळलं. त्या शब्दांना लाडिक चाल चालली नसती. बुवांची ठोस, झेप घेणारी चाल आणि दीनानाथांची वरच्या पट्टीतली वीज यांचं ते लग्न होतं. अंगरखा एकाच्या मापाने इतका नेमका शिवला की लोक शिंप्याला विसरले.

केसरबाई केरकर काही काळ त्यांच्याकडे शिकल्या, गजाननराव जोशीही शिकले. पण हे नातं मैफलीतलं. नाटकाच्या प्रेक्षकापर्यंत ते पोचलं नाही. १९४२ साली दीनानाथ गेले. बुवा तीन वर्षं मागे राहिले आणि १९४५ च्या मे महिन्यात गेले.

त्या रात्री पद संपल्यावर टाळ्या पडल्या, वन्समोअरही आला. पेटीचा मध्य सप्तकातला गंधार दमट हवेने बसला होता. काकांनी फुंकर मारली, पट्टी दोनदा बोटाने उचलून पाहिली, मग तो सूर चुकवतच पुन्हा सुरुवात केली. घरी जाताना उतारावर मी विचारलं, बुवांची आणखी कुठली पदं येतात? म्हणाले, "येतात की. पण मागतंय कोण?"