काळाचे खोरे : नाग, कन्हान आणि वैनगंगा

पाण्याऐवजी काळ वाहून नेणारी नदी कल्पिली, तर तिच्या उगमाशी भूतकाळ आणि मुखाशी वर्तमान असायला हवा. नागपूरच्या नाग नदीत हा क्रम उलटा सापडतो. वाडीजवळच्या लाव्हा परिसरातील टेकड्यांत ती उगम पावते, अंबाझरीमार्गे शहरात शिरते, पूर्वेला पिवळी नदीला सोबत घेऊन कन्हानला मिळते. उगमाकडचा काळा पाषाण सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा आहे, तर पूर्व नागपूरच्या मातीखालचा नाइस खडक शंभर कोटी वर्षांहून जुना. प्रवाहाबरोबर खाली जाणारा काळात मागे जातो, आणि एवढा मोठा पल्ला एका शहराच्या हद्दीत ओलांडला जातो.

महाराष्ट्राचा बहुतेक भाग व्यापणारे दख्खनचे बेसॉल्टी पठार नागपुरात संपत येते. सीताबर्डीची टेकडी या पठाराच्या पूर्व कडेवर उभी आहे. ज्वालामुखीचे उद्रेक सलग झाले नाहीत. दोन उद्रेकांमध्ये दीर्घ विश्रांती असे, थंड झालेल्या लाव्ह्यावर तळी साचत, त्यांत गोगलगाई आणि पाणवनस्पती वाढत, काठावर झाडे रुजत. मग पुढचा लाव्हा येऊन सारे झाकून टाकी. असे गाळाचे पातळ थर सीताबर्डीत आणि आता शहरात सामावलेल्या टाकळीत मिळाले. टाकळीच्या थरात तर फळे, बिया आणि लाकूडही दगड होऊन राहिले होते. १८४५ मध्ये नागपुरात आलेले स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप आणि त्यांचे सहकारी रॉबर्ट हंटर यांनी या जीवाश्मांचे वर्णन १८५५ मध्ये लंडनच्या भूशास्त्रीय सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध केले. तेव्हापासून सीताबर्डी आणि टाकळी ही नावे जगभरच्या भूशास्त्रज्ञांना परिचित आहेत. सीताबर्डीला रोज मेट्रो बदलणाऱ्या हजारो नागपूरकरांना ती ओळख करून देणारा एखादा ठळक फलक तिथे असायला हवा.

शहराच्या उत्तरेला, कन्हानच्या काठी, लाव्ह्याहून जुना काळ उघडा पडतो. कामठीच्या वालुकाश्माला भूशास्त्रात ‘कामठी’ हेच नाव आहे आणि तो सुमारे २५ कोटी वर्षांचा आहे. सिलेवाड्याच्या खाणींतला कोळसा त्याहूनही आधीच्या दलदलींतल्या झाडांचा. मात्र हा वालुकाश्म आणि त्यानंतरचा लाव्हा यांच्यामधल्या जवळपास अठरा कोटी वर्षांची नोंद या परिसरात फारशी नाही. एक तर त्या काळात इथे गाळ साचला नाही, नाहीतर साचलेला पुढे झिजून गेला. काळाच्या नदीला इथे कोरडे पात्र आहे. पूर्वेकडे ते आणखी रुंद होते, कारण तिथे नाइस आणि लाव्हा यांच्यामधली नव्वद कोटींहून अधिक वर्षे गायब आहेत.

हे सारे काळ एकत्र येतात ते कन्हानच्या रेतीत. बेसॉल्ट झिजला की त्याची काळी, चिकट माती होते. विदर्भातला कापूस तिच्यावर पिकतो, पण बांधकामाची रेती तिच्यातून मिळत नाही. रेतीला गारेचे टणक कण लागतात. ते सातपुड्यातल्या प्राचीन खडकांतून आणि वालुकाश्मांतून कन्हान आणि पेंच खाली आणतात. नागपुरातल्या असंख्य घरांच्या भिंतींत कन्हानची रेती आहे. त्या गिलाव्यातला एखादा चकाकणारा कण डायनासोरांच्याही आधीचा असतो. उपसलेली रेती पुन्हा साचायला किती पावसाळे लागतात, याचा विचार न करता पात्र खरवडले जाते, हे या खोऱ्याचे मोठे दुखणे आहे.

माणसाचा काळही याच नद्यांकाठी साचला आहे. लाव्ह्यातल्या पोकळ्यांत तयार झालेल्या अकीक आणि तत्सम दगडांचे मणी माहुरझरीला घडवले जात. पेंचच्या काठी नायकुंडला लोखंड वितळवण्याची भट्टी उत्खननात मिळाली. जुनापाणी, टाकळघाट आणि माहुरझरी येथली शिळावर्तुळे त्याच लोहयुगातल्या लोकांची दफनस्थळे आहेत. टाकळघाटची वर्तुळे पाहून परतताना ४ सप्टेंबर १८६३ रोजी हिस्लॉप पुराने फुगलेल्या ओढ्यात बुडाले. कोट्यवधी वर्षांचा हिशेब मांडणाऱ्या अभ्यासकाला एका संध्याकाळच्या लोंढ्याने नेले. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज त्यांच्याच नावाने चालते.

नदीचा वेग बदलतो तसा या काळाचाही. एरवी वर्षाला नखभरही न बदलणारे पात्र एका रात्रीत रूप पालटते. २०२३ च्या सप्टेंबरमध्ये, २२ आणि २३ तारखांच्या मधल्या रात्री, काही तासांत शंभर मिलिमीटरहून अधिक पाऊस कोसळला, अंबाझरी तलाव ओसंडला आणि नागकाठच्या वस्त्यांत पाणी शिरले. नदीने आपली जुनी पूररेषा पुन्हा आखली. ती आधीपासून तिथेच होती, तिच्यावर घरे नंतर आली.

खाली अंभोऱ्याला कन्हान वैनगंगेला मिळते. गोसेखुर्द धरणाचे पाणी आता तिथपर्यंत पसरते आणि पूर्वी पुढे वाहून जाणारा बराचसा गाळ या जलाशयात बसतो. धरणाखालच्या पवनीत १९६९-७० मध्ये झालेल्या उत्खननात बौद्ध स्तूपांचे अवशेष सापडले. पुढे वर्धा नदी मिळाल्यावर वैनगंगेची प्राणहिता होते आणि सिरोंच्याजवळ ती गोदावरीत जाते. त्याच तालुक्यातल्या वडधमला ज्युरासिक काळातल्या वृक्षांचे आणि डायनासोरांचे जीवाश्म आहेत. ते कामठीच्या वालुकाश्मापेक्षा नवे आणि सीताबर्डीच्या लाव्ह्यापेक्षा जुने आहेत. नागपूरजवळ हरवलेल्या अठरा कोटी वर्षांतला एक तुकडा असा प्रवाहाच्या खालच्या टोकाला हाती लागतो.