हाड सांधले, पण कातडीचे काय?

पाचगणीला लोक प्रकृती सुधारायला येतात. क्षयावर हुकमी औषध नव्हते त्या काळी, १९१२ साली, डॉ. रुस्तमजी बिलिमोरिया यांनी इथल्या हवेच्या भरवशावर 'बेल-एअर' हे आरोग्यधाम काढले. अशा गावात राहून मी मात्र ऐन आषाढात टेबललँडच्या शेवाळलेल्या जांभ्यावरून घसरले आणि उजवे मनगट मोडून घेतले. फळ्यावर लिहिणाऱ्या प्राध्यापिकेचा उजवा हात म्हणजे निम्मी प्राध्यापिकाच!

घरी येताच सासूबाईंनी पहिले काम केले ते त्या हातातल्या बांगड्या वाढवण्याचे आणि साबण लावून अंगठी काढण्याचे. "अहो, सवाष्णीचा हात मोकळा?" शेजारच्या काकू कुरकुरल्या. सासूबाई म्हणाल्या, "हात राहू दे, बांगड्या पुन्हा भरता येतील." सूज चढली की अंगठीचा फास होतो, हे त्यांना ठाऊक होते.

मग प्लॅस्टर झाले. १८५२ साली माथायसेन नावाच्या डच लष्करी डॉक्टरने कापडाच्या पट्टीत प्लॅस्टरची पूड घोळवण्याची युक्ती काढली. तिचाच हा वंशज. पाणी लागून प्लॅस्टर घट्ट होताना ऊब निघते, तेव्हा हात गरम लागला म्हणून दचकू नये. वरून ते लवकर कडक होते, पण आतून वाळायला दोनतीन दिवस लागतात. तोवर हात उशीवर, छातीपेक्षा उंच ठेवावा, बोटांनी दाबू नये आणि पांघरुणाखाली झाकू नये.

दुसऱ्या रात्री दुखणे वाढतच गेले. बोटे बधिर झाली, निळसर दिसू लागली. 'एवढ्यासाठी डॉक्टरांना कोण उठवणार, सकाळी पाहू,' असे मी म्हटले. सासूबाईंनी माझे नख दाबून सोडले. पांढरे झालेले नख लवकर लाल होईना. त्या उठल्याच. धुक्यापावसात टॅक्सीने आम्ही दवाखाना गाठला. डॉक्टरांनी प्लॅस्टर उभे चिरून सैल केले आणि म्हणाले, "सकाळपर्यंत थांबला असतात, तर हाताची शाश्वती नव्हती." वाचकहो, या लेखातले दुसरे काही विसरलात तरी चालेल, एवढे मात्र विसरू नका!

घरी बसल्या बसल्या मी सुश्रुतसंहिता चाळली. भग्नावर वड, उंबर, पिंपळ, पळस यांच्या साली बांधाव्यात, असे तीत आहे. बंध सैल असेल तर सांधा स्थिर राहत नाही, फार आवळला तर सूज आणि वेदना होते, म्हणून तो मध्यम असावा. थंडीत सात दिवसांनी, साधारण ऋतूत पाच दिवसांनी आणि उन्हाळ्यात तीन दिवसांनी बदलावा. हाडाबरोबर कातडीचीही एवढी काळजी!

चौथ्या आठवड्यात आत अशी खाज सुटली की मी विणायची सुई हाती घेतली. सासूबाईंनी ती काढून घेतली. आत ओरखडा उठला तर दिसत नाही, आणि दिसेपर्यंत चिघळतो. वरून हलके टिचक्या माराव्यात, एवढेच. अंघोळीच्या वेळी प्लॅस्टिकची पिशवी बांधून हात बाहेर धरावा. आजकालचे फायबरग्लास पाण्याने विरघळत नसले, तरी आतला कापूस भिजतो.

सहा आठवड्यांनी प्लॅस्टर निघाले. त्याची करवत फिरत नाही, नुसती थरथरते. भिण्याचे कारण नाही. भ्याले ती मी हात पाहून! वाळक्या काटकीसारखा बारीक, पिवळट खवल्यांनी भरलेला, उग्र वासाचा. पण त्यात अघटित काही नव्हते. एरवी मेलेली कातडी रोज नकळत झडते. प्लॅस्टरखाली ती साचून राहते. स्नायू कामावाचून रोडावतात.

काकूंनी मालिशवालीला निरोप धाडला होता. डॉक्टरांनी साफ मनाई केली. कोमट पाणी, सौम्य साबण, टिपून कोरडे करणे आणि थोडे खोबरेल, एवढाच उपचार. खवले ओढायचे नाहीत, घासायचे नाही, ऊन लागू द्यायचे नाही. मूठ मिटायची, उघडायची, मनगट हळूहळू फिरवायचे. संध्याकाळी थोडी सूज यायची. हात उंच धरला की उतरायची.

फळ्यावरचे माझे पहिले अक्षर पाहून मुले हसली. मीही हसले.

आता दिवाळी आली आहे. सासूबाईंनी माझ्यापुरते उटणे वस्त्रगाळ करून ठेवले आहे, आणि काल कासारणीला बोलावून त्या हातात हिरव्या बांगड्याही भरवल्या आहेत.