निकाल पटला नाही, म्हणून रिव्ह्यू होत नाही

महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे आपल्या मॅटमध्ये, अर्ज फेटाळला गेला की कर्मचाऱ्याचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: ‘‘साहेब, रिव्ह्यू टाकायचा का?’’ मी आधी निकालाची प्रमाणित प्रत आणि मूळ अर्जाची सगळी फाईल मागून घेतो. पुनर्विलोकनाच्या, म्हणजे रिव्ह्यूच्या, कामात लिहिणं थोडं आणि वाचणं फार. फाईलमध्ये एक कागद, निकालात त्याच्या विरुद्ध नोंद, अशी जोडी सापडते का, हे शोधत पानं उलटायची.

जन्मतारखेचं प्रकरण घेऊ. राज्याच्या सेवाशर्तींच्या 1981 च्या नियमांतला नियम 38 सांगतो, की सेवापुस्तकातली जन्मतारीख बदलून हवी असेल तर सर्वसाधारणपणे नोकरीला लागल्यापासून पाच वर्षांच्या आत अर्ज करावा. समजा, एक लिपिक 2006 साली लागला आणि 2010 साली त्याने अर्ज केला. निकालात मात्र नेमणुकीचं साल 1996 पडलं आणि अर्ज मुदतबाह्य ठरला. सेवापुस्तकाचं पान मूळ अर्जाला जोडलेलंच आहे. त्या पानावर बोट ठेवलं की चूक दिसते, युक्तिवाद लागत नाही. हा रिव्ह्यू मी डोळे मिटून दाखल करतो.

आता हाच लिपिक म्हणतो, ‘‘शाळेचा दाखला खरा असूनही न्यायाधिकरणाने तो मानला नाही.’’ इथे मी फाईल मिटतो. दाखला पाहिला, तोलला आणि बाजूला ठेवला. तो तोल चुकलाही असेल, पण ते दाखवायला दहा पानं खर्ची पडणार असतील तर चूक ‘अभिलेखावरून उघड’ राहत नाही. ते अपिलाचं काम.

तिसरा प्रकार माहिती अधिकारात नव्याने मिळालेल्या कागदाचा. कागद नवा असून भागत नाही. तो आधी माहीत नव्हता आणि पुरेशी खटपट करूनही मिळवता आला नसता, हे शपथपत्रावर सांगावं लागतं. ‘‘शाळेत आधी कधी गेला होतात?’’ या प्रश्नावर बरेच अशील गप्प बसतात.

चौथा प्रकार सर्वांत जिव्हारी लागणारा. निकालानंतर काही महिन्यांनी सर्वोच्च न्यायालय दुसऱ्याच कुणाच्या प्रकरणात आपल्या बाजूचा निर्णय देतं. त्याच्या आधारेही रिव्ह्यू होत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 47 मध्ये 1976 साली घातलेलं स्पष्टीकरण हेच सांगतं.

या मर्यादा कुठून आल्या? पुनर्विलोकनाचा अधिकार उपजत नसतो, कायद्याने दिला तरच असतो. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 च्या कलम 22(3)(फ) ने तो दिला, पण दिवाणी न्यायालयाला असतो तेवढाच. पश्चिम बंगाल राज्य विरुद्ध कमल सेनगुप्ता या 2008 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या कडा आखून दिल्या. आदेश 47 मधले ‘इतर पुरेसं कारण’ हे शब्दसुद्धा उघड चूक आणि नवा पुरावा यांच्याच जातकुळीत वाचायचे, असं त्यात स्पष्ट केलं.

केंद्रीय कर्मचाऱ्यांसाठीच्या केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे कॅटमध्ये, वाट आणखी चिंचोळी आहे. तिथल्या 1987 च्या नियमांतल्या नियम 17 नुसार प्रत मिळाल्यापासून 30 दिवसांची मुदत, शक्यतो तेच खंडपीठ, आणि वेगळा आदेश नसेल तर सुनावणीविनाच, कागद सदस्यांमध्ये फिरवून निर्णय. एकदा रिव्ह्यू निकाली निघाला, की त्याच प्रकरणात दुसरा नाही.

अशिलांना हे सगळं जाचक वाटतं. मला तसं वाटत नाही. रिव्ह्यू सरकारही टाकतं. कर्मचारी जिंकल्यावर प्रत्येक खात्याला तेच मुद्दे पुन्हा उगाळायची मुभा मिळाली, तर बढतीचा किंवा थकबाकीचा आदेश हाती येईपर्यंत निवृत्तीचा दिवस उजाडेल. दार अरुंद आहे, ते दोघांसाठीही.

शिवाय खरोखर चुकलेल्या निकालाला दुसरं दार आहेच. एल. चंद्रकुमार खटल्यातल्या 1997 च्या निकालापासून न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे रिट याचिका करता येते. म्हणून निकाल हाती पडताच वकिलाला एवढंच विचारा: ‘‘चूक कोणत्या पानावर आहे?’’ पानाचा क्रमांक सांगता आला तर रिव्ह्यू टाका. नाही आला, तर महिने वाया न घालवता उच्च न्यायालयात जा.