दुमडलेल्या पत्र्याची गाडी

गरीब मुलुखातील मोटारींविषयी लिहावे, अशी संपादकांची फर्माईश आली तेव्हा एका मूळ फ्रेंच मोटारीपेक्षा तिच्या दूरदेशी वाढलेल्या संततीकडेच माझे लक्ष अधिक वेधले गेले. सीत्रोएन या फ्रेंच कंपनीचे प्रमुख पिएर बूलांजे यांनी दोन शेतकरी व ५० किलो बटाटे वाहून नेणारी, १०० किलोमीटरला ३ लिटर पेट्रोलवर भागविणारी गाडी आपल्या अभियंत्यांकडून मागितली. महायुद्धाने रखडलेली ती ‘२ सीव्ही’ १९४८ साली पॅरिसच्या प्रदर्शनात आली आणि १९९० पर्यंत तिचे उत्पादन चालले, एवढा तिचा दरबारी इतिहास येथे पुरे आहे.

तिची खरी खुबी अशी की, इंजिन, चाके व स्प्रिंगा एका सपाट चासीवर बसविलेल्या असून वरचा डोलारा नटबोल्ट काढून सहज उतरविता येतो. म्हणून साठीच्या दशकात आयव्हरी कोस्टमधील आबिदजानच्या एका कारखान्याने तो डोलारा उतरवून त्याजागी आपल्याच हातचा पत्र्याचा सांगाडा चढविला, आणि ‘बेबी-ब्रूस’ जन्मास आली. व्हिएतनाममधील सायगावात तिची बहीण ‘ला दालात’, चिलीत ‘यागान’, ग्रीसमध्ये ‘पोनी’. आणि सत्तरीच्या दशकाच्या अखेरीस कंपनीने स्वतःच सेनेगल, गिनी-बिसाऊ, मध्य आफ्रिकी प्रजासत्ताक व इंडोनेशिया यांच्यासाठी ‘फाफ’ काढली, जिच्या नावातील फ्रेंच आद्याक्षरे ‘करावयास सोपी, भांडवलास सोपी’ असे अभिवचन देत होती.

या साऱ्या कुटुंबात मला मोह पडला तो पत्रा दुमडण्याच्या यंत्राचा. मोटारीचा गोलाईदार मडगार्ड घडविण्यास प्रचंड दाबयंत्र आणि पोलादी साच्यांची जोडी लागते, व तो खर्च वसूल होण्यास गाड्या लाखांनी खपाव्या लागतात. उलट, येथे कारागीर पत्र्यावर रेघ आखतो, पत्रा दोन जबड्यांत आवळतो आणि दांडा उचलतो, की काटकोनाची स्वच्छ धार उभी राहते. आपल्याकडील पत्र्याच्या ट्रंका करणारा कारागीर जी विद्या जाणतो, तीच ही विद्या होय. म्हणूनच या गाड्यांना वक्रता नाही आणि काचा सपाट आहेत. त्यांचे ओबडधोबड रूप हे अरसिकतेचे नव्हे, तर हिशेबाचे फळ आहे. त्याखालचे दोन सिलिंडरांचे इंजिन वाऱ्यावर थंड होते, त्यामुळे रेडिएटर नाही, पाण्याचा पंप नाही, सिलिंडरच्या डोक्याखाली गॅस्केटसुद्धा नाही. पंखा थेट क्रँकशाफ्टवरच बसविलेला, म्हणून पट्टा तुटून पंखा बंद पडण्याची धास्ती उरत नाही.

परंतु जे दुमडता येत नव्हते, ते सारे परदेशातून खोक्यांत भरून येत होते. इंजिन, गिअरबॉक्स, ब्रेक यांसाठी परकीय चलन हवे, आयातीचा परवाना हवा, जकातीची सवलत हवी. आणि या तिन्हींच्या किल्ल्या कारखानदाराच्या नव्हे, तर सरकारच्या हाती होत्या. १९७५ साली सायगाव पडले आणि सुमारे ५,००० गाड्यांनंतर ‘ला दालात’ थांबली, चिलीत १९७३ च्या लष्करी उठावाच्या सुमारास ‘यागान’चाही कारभार आटोपला, ग्रीसमध्ये ‘पोनी’ चांगली फोफावली, पण १९८१ साली तो देश युरोपीय आर्थिक समुदायात गेला आणि १९८३ साली तीही बंद झाली. ‘फाफ’ तर दोन हजारांचाही पल्ला गाठू शकली नाही. एकट्या ‘बेबी-ब्रूस’ने तीस हजारांच्या घरात मजल मारली, आणि ती पॅरिसच्या कचेरीत आखलेली नव्हती, आबिदजानच्या कारखान्यात गरजेपोटी जन्मली होती, हे विसरता येत नाही.

माझ्या मते या इतिहासाचा निवाडा स्पष्ट आहे: पत्रा दुमडण्याची कला कोणत्याही देशास थोडक्यात देता येते, पण गाडीचे इंजिन जोवर बंदरातून सोडवून आणावे लागते, तोवर त्या देशाचा मोटारधंदा बंदराच्या मर्जीवरच चालतो.